अर्ध्या मिशीचे चार महिने

दस्तगीर नदाफ हे नाव तुम्ही ऐकलेलं असण्याची शक्यता फार कमी. पडद्यावर ते 'बाबू म्हसवडकर' असं यायचं, तेही सुरुवातीच्या नावांत अगदी खाली, 'आणि इतर'च्या वरच्या ओळीत. तोवर सिनेमाच्या तंबूतले लोक जागा धरण्यात गुंतलेले असायचे, त्यामुळं ते नाव कुणी वाचत नसे. ज्यांचे उपकार मी मोजू शकणार नाही अशी पुष्कळ माणसं मला भेटली, पण पहिलं नाव लिहायचं तर याच माणसाचं लिहावं लागेल. ते माझे सख्खे मामा, अम्माचे धाकटे भाऊ. आम्ही मामू म्हणायचो. आमच्या घराण्यात पहिला मॅट्रिक मी, पहिला बी. ए. मी, आणि साताऱ्याच्या शाळेत तीस वर्षं खडू धरला तोही मीच. या सगळ्याच्या मुळाशी मामूंच्या ओठावरची बोटभर जागा आहे. ते कसं, हे मी आजवर दोनच माणसांना सांगितलं. एक खुद्द मामू, दुसरी माझी बायको. आता पंचाहत्तरी उलटल्यावर लिहून ठेवतो.

आम्ही म्हसवडचे पिंजारी. मामूही पिंजारीच, आणि सिनेमात गेले तेही पिंजारी म्हणूनच. कोल्हापूरच्या एका स्टुडिओत दरबाराचा देखावा उभा करत होते, तिथले लोड-तक्के भरायला ते पिंजण घेऊन गेले. भालदाराचं काम करणारा माणूस त्या दिवशी आला नाही. डायरेक्टरनं कापसात बसलेल्या मामूंची मिशी बघितली आणि हातात भाला दिला. मिशी होतीच तशी, दाट, काळीभोर, टोकाला वर वळलेली. त्यानंतरची वीस-पंचवीस वर्षं त्या मिशीनं मामूंना कामं दिली. भालदार, चौकीदार, हवालदार, टांगेवाला, पाटलाच्या मागं काठी घेऊन उभा राहणारा गडी. तीसेक सिनेमे झाले, पण सगळ्यांत मिळून त्यांचं सगळ्यात लांब वाक्य होतं, "पाटील, पाव्हणं आल्यात." मामू गावात आले की पोरं लांबूनच ओरडायची, "पाटील, पाव्हणं आल्यात." मामू थांबून मिशीवर ताव द्यायचे आणि म्हणायचे, "मग बसाय घोंगडं टाका की रं."

आमचं घर म्हणजे पुढं दुकान, मागं स्वयंपाक आणि मध्ये एक अंधारी खोली. पुढच्या भागात दिवसभर अब्बा कापूस पिंजायचे. छताला टांगलेलं पिंजण, त्याची ताणलेली तात आणि त्या तातीवर लाकडी मोगरीचा ठोका. तो आवाज कानांनी ऐकायचा नव्हता, तो छातीत ऐकू यायचा. एक जाड घुमता स्वर, मग बारीक थरथर, मग पुन्हा ठोका. भूमितीची प्रमेयं मी त्या ठोक्यांवर पाठ केली, आणि आजही काही आठवायचं झालं की माझं बोट टेबलावर त्याच चालीनं पडतं. कापसाचे तंतू सगळीकडं असायचे. पापण्यांवर, दिव्याच्या काचेवर, पाण्याच्या घागरीच्या काठावर. अम्मा भाकरी तव्यावरून काढली की आधी फुंकर मारायची, मग वाढायची. सकाळी हुलग्याचं माडगं, दुपारी भाकरी आणि लसणाची चटणी, मोहरमला गुळाचे चोंगे. घरात आम्ही दखनी बोलायचो आणि उंबऱ्याबाहेर गावची मराठी, पण मामू आले की सगळेच गावच्या मराठीत शिरायचे, कारण त्यांना त्यांच्या कामाची वाक्यं घोटायची असायची. म्हणून इथं मी सगळ्यांचं बोलणं मराठीतच लिहितो.

अब्बांना दमा होता. कापसानं तो दिला आणि कापूस सोडता येत नव्हता. मॅट्रिकचा निकाल लागला की मी पिंजणावर बसायचं, हे ठरलेलं होतं. त्यात कुणी ओरडलं नव्हतं, कुणी धमकी दिली नव्हती. ते आमच्या घरात भिंतीसारखं होतं. भिंतीशी कुणी भांडत नाही. मी परीक्षेचा अभ्यास करत होतो आणि प्रत्येक धडा संपला की मला वाटायचं, चला, पिंजणाच्या आणखी एक पाऊल जवळ आलो.

त्या वर्षी उन्हाळ्याच्या तोंडाला एका दुपारी मामू आले ते तोंडाला लोकरी मफलर गुंडाळून. घामानं सदरा भिजलेला. अम्माला वाटलं दाढ सुजली. तिनं लवंग काढायला डबा उघडला, तेवढ्यात मामूंनी दार लावून घेतलं आणि मफलर सोडला. उजवी मिशी जागेवर होती, टोकाला वळलेली. डाव्या बाजूला काहीच नव्हतं. नुसता ओठ, आणि तो इतका पांढरा की दुसऱ्या कुणाचा आणून चिकटवल्यासारखा वाटत होता.

अम्मानं डबा खाली ठेवला. "कुणी केलं रं ह्ये?"

"डायरेक्टरनं."

"काय केलं हुतंस तू?"

"आगं आपा, काम केलं. चांगलं काम केलं म्हणून तर कापली."

आमच्या भागात माणसाची अर्धी मिशी उतरवणं म्हणजे काय, हे तिला सांगायची गरज नव्हती. चोरी किंवा परक्या बाईच्या भानगडीत सापडलेल्या माणसाला गाव ही शिक्षा द्यायचं. पूर्ण उतरवलेली मिशी पुन्हा वाढते, लोक विसरतात. अर्धी ठेवायची ती त्यानं गावभर फिरावं म्हणून. मामूंच्या सिनेमात नेमका हाच प्रसंग होता. चावडीवरचा एक शिपाई पाटलाविरुद्ध खरी साक्ष द्यायला निघतो, म्हणून पाटील भर चावडीत त्याची अर्धी मिशी कापतो. तसाच तो कचेरीत जातो आणि साहेबासमोर उभा राहून बोलतो. दोन पानांचं भाषण. वीस वर्षांत मामूंना पहिल्यांदा दोन पानं मिळाली होती. चेहरा जवळून दाखवायचा म्हणून खोटी मिशी नको, खरीच कापायची, असं ठरलं. कापायचा प्रसंग झाला आणि दुसऱ्या दिवशी निर्मात्याचं आणि कॅमेरावाल्यांचं कशावरून तरी बिनसलं. काम थांबलं. डायरेक्टर मामूंना म्हणाला, आठ दिवसांत बोलावतो, तोवर मिशी आहे तशी राहिली पाहिजे, केसाचा फरक पडला तर पडद्यावर कळतं. मामूंनी शब्द दिला.

आठ दिवसांचे चार महिने झाले.

'आहे तशी' ठेवणं हे वाटतं तितकं सोपं नाही. उजवी बाजू वाढते आणि डावीही वाढते. म्हणून रोज सकाळी डावी बाजू गुळगुळीत करायची आणि उजवी मापात कातरायची. अब्बांच्या खोळी शिवायच्या दोऱ्याला मामूंनी दोन गाठी मारल्या होत्या. पहिली गाठ नाकाखाली धरली की दुसरी मिशीच्या टोकावर यायला हवी. हा कार्यक्रम मधल्या खोलीत चालायचा आणि आरसा धरायला मी असायचो. त्या अंधारात कौलांमधली एक काच तेवढी उजेड द्यायची, तो उजेड बरोबर मामूंच्या तोंडावर पडेल असा आरसा तिरका धरायचा. चार महिने रोज सकाळी मी त्यांचा चेहरा हातभर अंतरावरून बघितला. एका बाजूनं मामू, दुसऱ्या बाजूनं कुणी अनोळखी, म्हातारा होत चाललेला माणूस.

ते बाहेर जात नसत. मशिदीत नमाजाआधी वजूला तोंड धुताना मफलर सोडावा लागणार, म्हणून नमाज घरातच. पहिले पंधरा दिवस दाढदुखी चालली, मग लोकांना संशय आला. अर्धी मिशी कुणीतरी खिडकीतून बघितली आणि आठवड्यात गावात गोष्ट तयार झाली. कोल्हापुरात एका बाईच्या नवऱ्यानं धरून कापली म्हणे. पोरं आता दारावरून जाताना 'पाव्हणं आल्यात' ओरडत नव्हती, नुसती हसत जायची. मामू पडद्याआड बसून ऐकायचे. "सिनेमा आला की कळंल त्यास्नी," म्हणायचे. रोज दुपारी टपालाची वेळ झाली की मला विचारायचे, "काय आलं का रं मास्तर?" मला ते मास्तर म्हणायचे, मी सारखा पुस्तकात असायचो म्हणून. मी म्हणायचो, "न्हाई." मग ते उठून ती दोन पानं म्हणायला लागायचे.

ते भाषण मला अजून पाठ आहे. पिंजणाचा ठोका चालू असताना ते भिंतीसमोर उभं राहून म्हणायचे, आणि ठोका थांबला की आवाज खाली आणायचे. त्यातलं एक वाक्य त्यांना फार आवडायचं. "साहेब, मिशी अर्धी राहिली, पण जीभ अख्खी हाय." ते रोज वेगळ्या पद्धतीनं म्हणायचे. कधी रडून, कधी दाबून, कधी अगदी सहज, विडी मागितल्यासारखं.

अब्बा पुढून ओरडायचे, "दस्तगीर, त्या साहेबाला कवा तरी बोलू दे की."

"दाजी, साहेब ऐकायलाच ठेवलाय."

"मग आमालाबी ठेवलंय व्हय? एका अंगानं पाव्हणा, एका अंगानं चोर दिसतूयास. कुठल्या अंगाला भाकरी वाढू?"

"वाढा मिशीच्या अंगाला. त्ये कमावतंय."

अब्बा हसायचे आणि हसता हसता खोकायचे. तो खोकला मग लवकर थांबत नसे, आणि मी आत पुस्तक मिटून बसायचो.

निकाल लागला. मी पहिल्या वर्गात पास झालो. आमच्या हेडमास्तरांनी सांगलीच्या कॉलेजचा फॉर्म मागवून स्वतः भरून दिला. फी माफ होणार होती, वसतिगृहही मिळणार होतं, पण त्यासाठी पालकानं प्रिन्सिपॉलांसमोर येऊन सही करायची होती. शेवटचा दिवस बुधवार. मी फॉर्म अब्बांपुढं ठेवला. त्यांनी तो उलटा धरला, सुलटा धरला, आणि मोगरी उचलली.

"माझा अंगठा हाय," ते म्हणाले. "अंगठा बघून तुला कोण घेतंय? आणि म्या दोन दिस गेलो तर वकिलाच्या लेकीच्या लग्नाच्या गाद्या कोण भरणार?" थोड्या वेळानं, तातीचा आवाज पुरता विरल्यावर म्हणाले, "मामूला घिऊन जा. म्या आडवा येत न्हाई. पर मला यायला सांगू नगंस."

एवढं बोलायला त्यांना काय पडलं असेल ते मला माझा मुलगा दूर निघाला तेव्हा कळलं. त्या दिवशी मला फक्त एवढंच दिसलं की भिंतीला दार पडलं आणि दारात अर्ध्या मिशीचा माणूस उभा आहे.

सोमवारी मामू आपणहून म्हणाले, "मफलर गुंडाळून येतो की. दाढ दुखतीया म्हणू."

"प्रिन्सिपॉलांसमोर काढायला लावतील."

"मग काढीन. सांगंन त्यास्नी, धंद्याची मिशी हाय."

"लोक हसतील, मामू."

"मला का तुला?"

मी फॉर्मची घडी घालत बसलो. त्यांनी दुसऱ्यांदा विचारलं नाही.

मंगळवारी दुपारी अब्बा नमाजाला गेले होते, अम्मा नदीवर आणि मामूंना मधल्या खोलीत झोप लागली होती. मी दुकानात वकिलांच्या मुलीच्या गादीची शेवटची बाजू शिवत होतो. दाभण अर्ध्यावर आली होती. पोस्टमन सदाअण्णा दारात आले आणि म्हणाले, "मामूची तार हाय. कर सही." मी सही केली. तार इंग्रजीत होती. त्या गल्लीत इंग्रजी वाचणारा मी एकटाच. गुरुवारी सकाळी शूटिंग, ताबडतोब या, मिशी तशीच ठेवा, एवढाच मजकूर.

इथं मी थांबून स्वतःशी खरं बोलतो. पुष्कळ वर्षं मी मनाला असं सांगत आलो की मामू कोल्हापूरला गेले असते तर माझी बुधवारची वेळ चुकली असती. ते खरं नाही. बुधवारी सांगली, तिथून रात्रीच्या मुक्कामाला कोल्हापूर, गुरुवारी सकाळी काम. दोन्ही होत होतं, आणि हे मला तार हातात असतानाच कळलं होतं. फक्त त्यासाठी मामूंनी अर्ध्या मिशीनं माझ्याशेजारी उभं राहायला हवं होतं. कॉलेजच्या ऑफिसात, शिकलेल्या लोकांसमोर, पहिल्याच दिवशी. तेवढं मला नको होतं. मी तारेची चौघडी केली, गादीच्या उघड्या बाजूतून हात कोपरापर्यंत आत घातला आणि कापसात ती सोडून दिली. मग शिवण पुरी केली. तिसऱ्या प्रहरी अब्बांनी गादी हातगाडीवर टाकली आणि वकिलांकडं पोचवली.

"काय आलं का रं मास्तर?" संध्याकाळी मामूंनी विचारलं.

"न्हाई," मी म्हणालो. शाळेत शिकलेलं इंग्रजी मी घरच्यांसाठी पहिल्यांदा वापरलं ते असं.

बुधवारी पहिली एसटी गाठायची होती. मामू माझ्याआधी उठले होते. काचेतून उजेड आला तसं त्यांनी मला हाक मारली, "मास्तर, आरसा धर." त्यांनी डावी बाजू रोजच्यासारखी केली. मग दोरा उचलला, गाठी बघितल्या आणि दोरा खिळ्याला अडकवून ठेवला. उजव्या बाजूला साबण लावायला लागले.

"मामू, ह्ये काय?"

"चार म्हैनं झालं. आता काय बोलवत न्हाईत ती. दुसरा कोनतरी घितला आसंल." त्यांनी वस्तरा चामड्यावर ओढला. "आणि तुझ्याबरुबर माणूस दिसाय पायजे ना अख्खा."

मी आरसा थोडा खाली घेतला. ते म्हणाले, "नीट धर." मी नीट धरला. साबणाखाली मिशी अजून होती. वस्तरा गालापाशी आला, थांबला, त्यांनी ओठ ताणला. तेवढ्या वेळात 'थांबा' हा एक शब्द माझ्या तोंडातून निघायला हवा होता. गादी वकिलांच्या घरी होती, पण तारेतला मजकूर तर माझ्या डोक्यात होता. मी आरशाच्या मागं होतो. त्यांना आरशात त्यांचाच चेहरा दिसत होता, माझा दिसत नव्हता. पहिला फटका वरून खाली आला. मग मात्र बोलण्यासारखं काही राहिलं नाही.

दिघंची, आटपाडी, विटा करत एसटी दुपारी सांगलीला पोचली. मामूंनी अब्बांचा लग्नातला काळा कोट घातला होता, तो त्यांना खांद्यात आखूड होता. वाटेत ते सारखा ओठ चाचपत होते. पण कॉलेजच्या पायऱ्या चढताना त्यांनी कोट खाली ओढला आणि चालच बदलली. ते काम करायला लागले होते. आजवर त्यांना कुणी न दिलेलं, एका प्रतिष्ठित पालकाचं. प्रिन्सिपॉलांनी विचारलं, मुलाला कशात गती आहे, तर ते सावकाश म्हणाले, "वाचण्यात. घरात एवढा आवाज असून वाचतो." एकही शब्द गावच्या बोलीतला नाही. सही त्यांनी लपेटेदार केली. बाहेर आल्यावर ऑफिसातला क्लार्क त्यांच्याकडं बघत राहिला.

"तुम्हाला कुठंतरी बघितलंय."

"सगळेच म्हणतात," मामू म्हणाले. "माझं तोंडच तसलं हाय."

त्यांना कुणी ओळखलं नाही. मिशी नव्हती ना.

मला वसतिगृहात सोडून ते म्हसवडला परतले आणि पुढच्या आठवड्यात स्वतःच चौकशीला कोल्हापूरला गेले. मला त्यांचं कार्ड आलं. 'काम दुसऱ्याकडून करून घेतले. काळजी नसावी. नीट अभ्यास करणे.' कॉलेजात माझं नाव होत होतं. वर्गात पहिलं बाक, ग्रंथालयात पंखा, जेवणात कापूस नाही. आणि तरी मी त्या मधल्या खोलीतून बाहेर पडलो नव्हतो. कुणी चौघडी केलेला कागद हातात दिला की मी तो न उघडताच पुस्तकात घालायचो. दिवाळीच्या सुट्टीत घरी गेलो तर खिळ्याला दोन गाठींचा दोरा तसाच अडकवलेला.

सिनेमा पुढच्या वर्षी सिद्धनाथाच्या यात्रेला तंबूत लागला. मी अब्बांच्या शेजारी बसून बघितला. चावडीत मामूंची अर्धी मिशी कापली जाते, त्यांचा चेहरा जवळून दिसतो, डोळे अगदी भरलेले. मग कचेरी येते. तिथं पाठमोरा एक माणूस उभा आहे, खांदे मामूंपेक्षा रुंद. तो काही बोलत नाही. साक्ष देतो तो शाळामास्तरचं काम करणारा दुसराच एक नट, आणि 'जीभ अख्खी हाय' हे वाक्य कुठंच येत नाही. अब्बा मला म्हणाले, "आरं, ह्यो दस्तगीर न्हवं." मी म्हणालो, "पाठीकडनं तसंच दिसतंय." तंबूत बसलेल्या गावाला मात्र चावडीतला प्रसंग बघून चार महिन्यांचा उलगडा झाला, आणि दुसऱ्या दिवशी चार माणसं घरी येऊन अम्माच्या हातचा चहा घेऊन गेली.

शब्द न पाळणारा माणूस अशी मामूंची स्टुडिओत बोलवा झाली. मिशी पुन्हा वाढली, कामं आली, पण वाक्यं आली नाहीत. नंतर ते मुंबईला गेले आणि टीव्हीवरच्या नाटकांत दिसू लागले. आजारी आजोबा, बाकावर बसलेला पेशंट, दार उघडणारा रखवालदार. माझ्या नातवानं गेल्या वर्षी तो जुना सिनेमा मोबाईलवर शोधून काढला. चावडीतला तो चेहरा त्यानं बोटानं थांबवला आणि विचारलं, "हेच का तुमचे मामू? काय भारी अ‍ॅक्टिंग करतात." मी चष्मा पुसत बसलो.

पिंजाऱ्याच्या पोरानं तरी एक गोष्ट विसरायला नको होती. गादी कायमची जात नाही. पाच-सहा वर्षांनी कापूस बसतो, गाठी होतात, आणि ती पिंजायला परत येते. वकिलांच्या मुलीची गादीही आली होती, मी कॉलेज संपवून साताऱ्याला नोकरीला लागलो त्यानंतर. हे मला समजलं ते अब्बा गेल्यावर. त्यांचा पत्र्याचा डबा अम्मानं माझ्यापुढं ठेवला. त्यात माझ्या शाळेचे दाखले होते, आणि खाली ती तार, चौघडीच्या घडीवर पिवळी पडलेली.

अम्मा म्हणाली, "ह्यो कागूद वकिलाच्या लेकीच्या गादीत घावला. तुझा अब्बा कुणाला दावंना. मला म्हनलं, पोरीच्या लग्नाच्या गादीतली चिठ्ठी हाय, कुणाच्या हातात पडली तर तिचा संसार मोडंल. परत द्यावी तर तिच्या सासूच्या हातात जायची. जाळावी तर दुसऱ्याची वस्तू. म्हणून ठिवली."

लोकांच्या गादीत काही निघालं तर त्याचा गवगवा करायचा नाही, हा आमच्या धंद्याचा नेम. अंगठी असो, कागद असो. अब्बांना वाचता येत नव्हतं. एका परक्या मुलीची अब्रू झाकायला म्हणून त्यांनी तो कागद मरेपर्यंत सांभाळला, आणि त्यावर पत्ता त्यांच्याच घराचा होता.

मी त्याच आठवड्यात मामूंना पत्र लिहिलं. उत्तर आलं नाही. दोन महिन्यांनी मामू स्वतः साताऱ्याला आले, पिशवीत माझ्या मुलीसाठी फ्रॉक घेऊन. चहा झाला, जेवण झालं. निघताना चपला घालता घालता म्हणाले, "सदाअण्णानं मला त्याच शुक्रवारी इचारलं हुतं, तार मिळाली न्हवं म्हणून. म्या म्हनलं, मिळाली." मी काही बोलणार तेवढ्यात ते पायरी उतरले. "वकिलाच्या लेकीला मात्र पाच वर्सं पाठीला टोचली आसंल बघ," ते म्हणाले, आणि स्वतःच हसत स्टँडकडं गेले. म्हणजे मी लिहिलं त्यातलं निम्मं त्यांना अकरा वर्षं ठाऊक होतं. उरलेल्या निम्म्याबद्दल ते काहीच बोलले नाहीत. पत्राचा कच्चा मसुदा माझ्याकडं आहे, तो खाली उतरवतो.

ती. मामू यांस,

सलाम. अब्बांच्या डब्यात तुमची तार सापडली. सोबत पाठवत आहे. ती मंगळवारी दुपारी आली होती, तुम्ही मिशी उतरवलीत त्याच्या आदल्या दिवशी. ती मी घेतली, वाचली आणि गादीत घालून शिवली. संध्याकाळी तुम्ही विचारलंत तेव्हा मी 'नाही' म्हणालो.

मला कॉलेजला जायचं होतं म्हणून मी हे केलं, असं लिहिलं तर ते सोपं होईल. पण तुम्ही अर्ध्या मिशीनंही माझ्याबरोबर यायला तयार होता. मला तुमची लाज वाटली, मामू. सोमवारी तुम्ही विचारलं होतंत, लोक मला हसतील का तुला. त्याचं उत्तर मी दिलं नव्हतं. मला हसतील, अशी भीती होती.

तुमच्या सहीवर मी शिकलो. आज माझ्या वर्गात साठ मुलं आहेत. त्यांतलं कुणी आपल्या बापाला फाटकाबाहेरच थांबवून आत आलं की मी बाहेर जातो आणि त्या माणसाला आत घेऊन येतो. एवढंच मला करता आलं आहे. तुमची दोन पानं मला पाठ आहेत. तुम्ही म्हणाल तेव्हा, म्हणाल तिथं उभा राहून म्हणून दाखवीन.

माफी मागत नाही, कारण तुम्ही ती लगेच देऊन टाकाल. तार घेतल्याची सही त्या दिवशी मी केली होती, म्हणून पोचती करायचं काम माझ्याकडंच राहिलं होतं. ती घ्यावी.

तुमचा,
रशीद